गच्चीवरची कणसं: मसाला लोणी नेमकं कधी लावायचं?

तिखटजाळ
येत्या रविवारी आमच्या इमारतीच्या गच्चीवर कणसं भाजायचा बेत आहे. पंचवीस-तीस माणसं होतील, पोरंटोरं धरून. लोखंडी शेगडी मिळाली आहे, लाकडी कोळसा आणणार आहोत, वर ताडपत्री बांधायची. मंडईत सध्या पिवळी गोड कणसं ढिगाने आहेत, आणि सकाळी लवकर गेलं तर पांढरी गावरानही मिळतात.

लिंबू-तिखट-मीठ असणारच, त्याबद्दल वाद नाही. पण मला यंदा सोबत मसाला लोणी करायचंय: ठेचलेला लसूण, बेडगी मिरचीचं तिखट, भाजून भरडलेलं जिरं, बारीक चिरलेली कोथिंबीर, किंचित काळं मीठ.

माझं मत स्पष्ट आहे. लोणी भाजून झाल्यावरच लावायचं. भाजताना लावलं की ते कोळशावर ठिबकतं, भडका उडतो आणि दाण्यांवर काजळी धरते. लसूण करपून कडू होतो ते वेगळंच. माझ्या जावेचं म्हणणं याच्या अगदी उलट: आधी चोपडल्याशिवाय मसाला मुरतच नाही, नंतर लावलेलं लोणी नुसतं हाताला आणि हनुवटीला लागतं.

तुम्ही कसं करता? आणि लोणी घरचं पांढरं घ्यावं की विकतचं खारं? सविस्तर लिहा, रविवारपर्यंत वेळ आहे.

पाऊसवेडा
लिंबू, तिखट, मीठ. विषय संपला. लोणी थालीपिठासाठी राखून ठेवा.

कढीपत्ता
पाऊसवेडा, शंभर टक्के सहमत. खडकवासल्याला धरणाच्या कडेला पावसात उभं राहून कणीस खाताना लोण्याची आठवणसुद्धा होत नाही. हल्ली हिंडायच्या ठिकाणी बटर मसाला कॉर्न मिळतं, पण ते म्हणजे उकडलेले दाणे कपात घालून दिलेले. भाजलेल्या कणसाशी त्याचं नातं नाही.

एडिसनकर
न्यू जर्सीतून लिहितोय. इकडे जुलै-ऑगस्ट म्हणजे मक्याचा मोसम, रस्त्याकडेच्या शेतमालाच्या दुकानांत त्याच दिवशी तोडलेली कणसं मिळतात. आमच्या मराठी मंडळींच्या उन्हाळी सहलीला ग्रिलवर कणसं हमखास असतात, आणि लोणी तर असतंच.

आमची पद्धत अशी. पाला तोडायचा नाही, खालपर्यंत सोलून मागे घ्यायचा. आतले केस काढून टाकायचे आणि पाला पुन्हा वर ओढून टोकाला त्याच्याच एका पातीने बांधायचा. मग अर्धा तास पाण्यात बुडवून ठेवायची. ग्रिलवर झाकण लावून पंधरा-वीस मिनिटं, मधून मधून फिरवत. पाल्याच्या आत वाफ धरते, दाणे रसरशीत राहतात. शेवटी पाला मागे घेऊन दोन-तीन मिनिटं थेट जाळावर, म्हणजे काळे ठिपके पडतात.

लोणी आदल्या रात्री तयार करतो. मऊ लोण्यात मसाला फेटून कागदात गुंडाळतो आणि लांब वळकटी करून फ्रीजमध्ये ठेवतो. वाढताना तिची चकती कापायची आणि गरम कणसावर फिरवायची. त्यामुळे तिखटजाळ, मत तुम्हाला. जाऊबाईंची क्षमा मागून.

चुलीवरची
एडिसनकर, तुमचं कणीस चवीला छान असेल, पण ते भाजलेलं नाही, वाफवलेलं आहे. शेवटच्या दोन मिनिटांत रंग येतो, भाजका वास येत नाही. पाला काढून थेट निखाऱ्यावर भाजणं ही वेगळीच चव आहे आणि तिच्यासाठी हात जरा पोळवून घ्यावा लागतो.

गाडीवाल्या मावशी कशा भाजतात ते उभं राहून बघा. पाला सोलून मागच्या चार पाती ठेवतात, धरायला. कोळसा आधी पूर्ण फुलू देतात. ज्योत असेपर्यंत कणीस ठेवत नाहीत, वर पांढरी राख धरली की मगच. एका हातात पंखा, दुसऱ्या हाताने कणीस बोटभर बोटभर फिरवत राहायचं. दाणे आधी चकाकतात, मग त्यांना ओल सुटते, मग ती सुकून दाणा निस्तेज दिसतो आणि त्यानंतर तडतड सुरू होते. तडतडला की ती बाजू झाली, पुढे सरकवा. एखादा दाणा फुटून उडतो, तेव्हा पोरांना जरा लांब बसवा.

मग अर्धं लिंबू तिखट-मिठात दाबायचं आणि कणसावर चोळायचं. दाण्यांच्या ओळी जशा जातात तशा उभ्या दिशेने. आडवं चोळलं तर मसाला वरच्या वर राहतो, उभं चोळलं तर दोन ओळींच्या फटीत रस उतरतो. मुरणं मुरणं म्हणतात ते तिथे होतं.

एवढं झाल्यावर लोणी हवं असेल तर लावा. मी लावते. पांढरं, घरचं, सुपारीएवढं. पाऊसवेडा, थालीपिठाला आणखी घुसळून देईन.

जाऊबाई_स्वतः
मीच ती जाऊ. 🙂 धागा मला व्हॉट्सॲपवर आला, म्हणून खाते उघडलं.

माझं म्हणणं थोडं अर्धवट पोचलंय. मी कच्च्या कणसाला लोणी चोपडायला सांगत नाही. आमच्या माहेरी सांगलीला आई कणसं मीठ-हळदीच्या पाण्यात दहा मिनिटं उकळून घेते, कापडावर कोरडी करते, मग लोणी-मसाला लावून मंद निखाऱ्यावर जाळीवर ठेवते. भाजायला फक्त पाच मिनिटं. आलेल्या पाहुण्यांना ताटकळत बसावं लागत नाही. पंचवीस-तीस कणसं एकामागून एक कच्ची भाजायला घेतलीस तर पहिल्याचं खाऊन हात धुवून होतील आणि शेवटचा उपाशीच राहील, त्याचं काय?

तिखटजाळ
अगं, तू इथे! बरं झालं. वेळेचा मुद्दा खरा आहे, तो मी लक्षात घेतला नव्हता.

प्रयोगशाळा
दोन्ही बाजूंना थोडं थोडं बळ देतो. अन्नरसायन हा माझा रोजचा विषय, त्यामुळे प्रतिसाद लांबेल.

विकतच्या लोण्यात ८० टक्के स्निग्धांश असतो, १६ टक्क्यांपर्यंत पाणी आणि उरलेलं मीठ व दुधातले घन पदार्थ. घरच्या पांढऱ्या लोण्यात पाणी त्याहून जास्त राहतं. कच्च्या कणसाला लोणी लावून निखाऱ्यावर धरलं की आधी हे पाणी उडावं लागतं, तोवर दाण्यावर खमंग रंग चढत नाही. पाणी उडालं की दुधातले घन पदार्थ १५० अंश सेल्सियसच्या आसपास तपकिरी होतात आणि लगेच करपायला लागतात. फुललेला निखारा ५०० अंशांच्या वर असतो, म्हणजे तिथे लोण्याचा टिकाव लागणं कठीण. आधी काही चोपडायचंच असेल तर तूप, अगदी पुसटसं. ते साधारण २५० अंशांपर्यंत धूर न धरता तग धरतं. जाऊबाईंच्या आईंचं कणीस करपत नाही, कारण त्यांचे निखारे मंद आहेत, वर जाळी आहे आणि भाजणं पाच मिनिटांचंच आहे. ती पद्धत त्या अटींसह बरोबर आहे.

मसाला मुरण्याबद्दल: दाण्याची साल अखंड असते, तिच्यातून स्निग्ध पदार्थ आत जात नाहीत, आधी लावा की नंतर. चुलीवरची यांनी फटींबद्दल लिहिलंय ते अगदी नेमकं आहे. आणि याच कारणाने क्रम महत्त्वाचा. लिंबू आणि मीठ आधी, लोणी शेवटी. मीठ लिंबाच्या रसात विरघळतं, स्निग्धात विरघळत नाही. आधी लोणी लावलंत तर त्यावरून रस ओघळून जाईल आणि मीठ दाताखाली खडे होऊन येईल.

मिरचीचं उलट आहे. तिचा तिखटपणा आणि लाल रंग, दोन्ही स्निग्धात उतरतात, पाण्यात जवळजवळ नाहीच. म्हणून तिखट सरळ लोण्यात न कालवता आधी दोन चमचे तूप कोमट करा, त्यात लसूण हलका परतून घ्या, आच बंद करून तिखट घाला, गार झाल्यावर मऊ लोण्यात फेटा. बेडगीचा रंग काय खुलतो ते बघाच. जिरं आणि कोथिंबीर अगदी शेवटी. हे त्याच दिवशी करा आणि उरलेलं फ्रीजमध्येच ठेवा, लसूण घातलेलं लोणी बाहेर ठेवायचं नसतं.

मांडवीकाठ
पणजीहून एक भर. आमच्याकडे रेशाद मसाला घरात असतोच: सुक्या लाल मिरच्या, लसूण, मिरी, जिरं, सगळं व्हिनेगरमध्ये वाटलेलं. बांगड्यात भरतो तो. त्यातला चमचाभर तुपावर परतून लोण्यात फेटा. आंबटपणा त्यातच असतो, त्यामुळे लिंबू बेतानेच. मांसाहारी घरांत तरी करून बघा, नंतर शाकाहारीही मागतात. मसाल्यात मासा नसतो!

मळेवाला
एवढा वेळ सगळे लोण्यावर बोलताय, कणसावर कोणी बोलेना. करवीर तालुक्यात आमचा मका असतो, म्हणून सांगतो. कणीस शिळं असेल तर वर सोनं लावलं तरी ते शिळंच.

तोडल्या क्षणापासून दाण्यातली साखर पिठात बदलायला लागते, आणि उष्णता जितकी जास्त तितकी भराभर. जुन्या प्रकारच्या गोड मक्याची साखर गरम हवेत एका दिवसात निम्म्यावर येऊ शकते. हल्लीचे अतिगोड संकरित वाण जास्त टिकतात, म्हणून तर ते बाजारात चालतात. गावरान पांढऱ्याला मुळातच गोडी कमी, पण वास आणि चावायला मजा त्यातच. मात्र तो चिकात असताना चार-पाच दिवसच खायच्या लायकीचा असतो. मांजरी, पंचगंगा ही वाणांची नावं आमच्या वडिलांच्या तोंडी असायची. आता महाराष्ट्रातला बहुतेक मका कोंबडीखाद्य आणि स्टार्चच्या कारखान्यांना जातो, खायच्या कणसासाठी वेगळी लागवड करणारे थोडे.

घेताना काय बघायचं: पाला हिरवा आणि ओला, अंगाला घट्ट बिलगलेला. टोकाचे केस तपकिरी आणि वाळलेले, पण बुडाशी अजून ओलसर. दाण्यात नख रोवा. पांढरा दुधासारखा चीक आला तर घ्या. पाण्यासारखं स्वच्छ आलं तर कोवळं आहे, काहीच आलं नाही आणि नख अडलं तर जून झालंय, ते भाजू नका, दात दुखतील. सोललेली कणसं तर घेऊच नका.

तिखटजाळ ताई, तुमच्या मसाला लोण्याला गावरान घ्या. गोड मक्यावर लोणी म्हणजे गोडावर मऊ. गावरानाला लोण्याची खरी गरज असते, ते कोरडं असतं.

एडिसनकर
मळेवाला, इथे मात्र मी अडतो. गोड मक्यावर तिखट-खारट लोणी म्हणजे चारही चवी एका घासात. इकडे आमच्या भागात मेक्सिकन गाडीवर एलोते मिळतं: भाजलेल्या कणसाला मेयोनेज, वर कोतिहा नावाचं खारट चुरा होणारं चीज, मिरचीपूड आणि लिंबू. लोण्याऐवजी मेयोनेज का, तर ते वितळून ओघळत नाही, दाण्याला धरून राहतं आणि त्यावर चीज-मिरची चिकटते. मका तर त्यांचाच, नैर्ऋत्य मेक्सिकोत बाल्सास नदीच्या खोऱ्यात साधारण ९,००० वर्षांपूर्वी माणसाने रानगवतातून घडवलेला. त्यांना लिंबू-मिरचीही सुचली आणि आपल्यालाही, याचा मला फार आनंद वाटतो.

मळेवाला
आनंद आम्हालाही आहे, पण त्यांचा मका गावरानासारखा पिठूळ असतो असं ऐकून आहे. म्हणजे माझाच मुद्दा झाला की!

प्रयोगशाळा
बरोबर, मेक्सिकोत एलोतेसाठी बहुतेक पांढरा, कमी गोड मकाच वापरतात. अतिगोड मका अगदी अलीकडचा. दाण्यात साखर भरपूर साठवणाऱ्या श्रंकन-२ या जनुकावर इलिनॉय विद्यापीठातल्या जॉन लॉफनन यांनी १९५३ साली लिहिलं, आणि त्यातून पुढे आजचे अतिगोड वाण आले. या दाण्याचं बी वाळल्यावर सुरकुततं, म्हणून जनुकाचं नाव तसं: श्रंकन म्हणजे आक्रसलेलं.

पाऊसवेडा
मळेवाला, कणसाच्या टोकाला अळी निघाली तर? टाकून द्यायचं की प्रथिनं म्हणून भाजायचं?

मळेवाला
टोक दोन बोटं कापून टाका, बाकीचं खुशाल खा. पण अळीचा विषय हसण्यावारी नेऊ नका. अमेरिकन लष्करी अळी २०१८ साली कर्नाटकात शिवमोग्ग्याकडे देशात पहिल्यांदा नोंदली गेली आणि त्याच वर्षी आमच्याकडेही पोचली. पोंग्यात, म्हणजे ताटाच्या शेंड्याच्या गुंडाळलेल्या कोवळ्या पानांत शिरते, वरून फवारलेलं तिच्यापर्यंत पोचत नाही. पहाटे उठून पोंगा न् पोंगा बघावा लागतो. मंडईत तुम्हाला स्वच्छ कणीस दिसतं त्यामागे कोणाची तरी ही पहाट असते. टोकाला जरा कुरतडलेलं दिसलं म्हणून विक्रेत्याशी भांडू नका एवढंच.

पाऊसवेडा
मान्य दादा. यापुढे नाही भांडणार.

सापोरोत_मुक्काम
जपानच्या होक्काइदोमधून. इथे सापोरोच्या ओदोरी बागेत मक्याच्या गाड्या लागतात आणि भाजताना कणसाला सोया सॉस लावतात. तो सुद्धा अर्धं भाजून झाल्यावर ब्रशने, थोडा थोडा, दोन-तीनदा. सॉस करपायच्या बेतात आला की जो वास सुटतो त्याने माणसं लांबून चालत येतात. लोणी लावणारे ते उतरवल्यावर लावतात. म्हणजे इथेही पातळ आणि खारट आधी, स्निग्ध शेवटी. प्रयोगशाळा यांचा क्रम इथल्या गाडीवाल्यांना आधीच माहीत आहे.

सूर्यफूल
माझ्याकडे ना गच्ची, ना शेगडी. भाड्याची एक खोली आणि गॅस. मी काय करू?

चुलीवरची
पापडाची जाळी ठेवा, आच बारीक. कणीस ज्योतीच्या टोकाला असू द्या, ज्योतीत नको, नाहीतर बाहेर काळं आणि आत कच्चं राहतं. बर्नरवर दाण्याचं पाणी पडू नये म्हणून कणीस बाहेरच्या बाहेर फिरवा. इंडक्शन असेल तर बिडाचा तवा कडक तापवा, कणसाचे दोन तुकडे करा, वर झाकण ठेवून फिरवत राहा. धुराचा वास येणार नाही, पण ठिपके छान येतात. इथे तुपाचं बोट फिरवायला हरकत नाही, खाली निखारा नाही ना.

नर्मदाकाठ
इंदूरची मराठी मंडळी गप्प बसलीत म्हणून लिहिते. तुम्ही भाजून उरलेल्या कणसांचं काय करता? आमच्याकडे पावसाळ्यात घरोघरी भुट्ट्याचा कीस होतो, आणि सराफ्यात रात्री तोच खायला झुंबड असते. कच्ची कणसं किसणीवर किसायची, तुपात मोहरी, जिरं, हिंग, हिरवी मिरची, त्यावर कीस घालून चांगला परतायचा. कच्चा वास गेला की दूध घालून मंद आचेवर आटवायचा. वर लिंबू, खोबरं, कोथिंबीर. जून झालेली कणसं, जी मळेवाला दादा भाजू नका म्हणतात, ती यात चालतात.

कढीपत्ता
नर्मदाकाठ, वेगळा धागा काढा प्लीज. सविस्तर, प्रमाणासह.

निवृत्त_मास्तर
माझ्यासारख्या कवळीवाल्यांचा कोणीच विचार केलेला दिसत नाही. कणीस समोर भाजत असतं आणि आम्ही वास घेत बसतो.

जाऊबाई_स्वतः
सर, आमच्या सासऱ्यांसाठी हेच करते. भाजलेलं कणीस ताटात उभं धरायचं, धारदार सुरीने वरून खाली दाणे उतरवायचे, फार खोल न जाता. मग गरम दाण्यांत लिंबू-मीठ आणि शेवटी मसाला लोणी घालून कालवायचं. वाटी आणि चमचा. गोड मका घ्या, त्याची साल मऊ असते. खरं तर लोणी सगळ्यात छान या वाटीतच लागतं, प्रत्येक दाण्याला सगळीकडून लागतं ना.

निवृत्त_मास्तर
रविवारचा पत्ता कळवा!

चौथा_मजला
एक काळजीची गोष्ट. शेगडी थेट गच्चीच्या लादीवर ठेवू नका, खाली विटांचा थर द्या, नाहीतर वॉटरप्रूफिंग तडकतं आणि मग सोसायटीच्या सभेत वर्षभर तोच विषय. कोळसा पेटवायला रॉकेल नको, कणसाला वास धरतो. नारळाच्या शेंड्या किंवा पुठ्ठा पुरे. आणि ताडपत्री फक्त वरून, बाजू उघड्या हव्यात. पाऊस तिरका आला तरी शेगडी जिन्यात किंवा पाण्याच्या टाकीशेजारच्या खोलीत नेऊ नका. कोळशातून कार्बन मोनॉक्साइड निघतो, त्याला वास नसतो, कळतही नाही.

तिखटजाळ
सगळ्यांचे आभार. आमचं असं ठरलंय: दोन शेगड्या. एकीवर जाऊबाई उकळून घेतलेली गोड कणसं मंद आचेवर जाळीवर धरतील, पुसटसं तूप लावून. ती पोरांसाठी आणि ज्यांना घाई आहे त्यांच्यासाठी. दुसरीवर मी गावरान, थेट निखाऱ्यावर. दोन्हीकडे लिंबू-मीठ आधी, लोणी शेवटी. लोणी विकतचं खारं घेतेय, पाणी कमी असतं म्हणून. त्यामुळे मीठ बेताने. पोरांसाठी तिखट नसलेला वेगळा गोळा.

आता एकच प्रश्न उरलाय. आमच्या मजल्यावर दोन जैन कुटुंबं आहेत, दोन्ही येणार आहेत. लसूण वगळून मसाला काय करू?

चुलीवरची
मेतकूट घाला. डाळी, हिंग, मोहरी, हळद सगळं त्यात असतं, लसणाची उणीव भासत नाही.

प्रयोगशाळा
थांबा, लसूण हा एकच मुद्दा नाही. अनेक जैन घरांत लोणीही चालत नाही, तूप चालतं. त्यात आता चातुर्मास सुरू आहे, तेव्हा हिरव्या पाल्याचेही नियम असू शकतात, म्हणजे कोथिंबीरसुद्धा. प्रत्येक घराचे नियम वेगळे, आधी जाऊन विचारा. आणि सूर्यास्तानंतर जेवत नाहीत हे लक्षात ठेवा. तुमचा कार्यक्रम किती वाजता आहे?

तिखटजाळ
सातला ठेवला होता. आत्ताच खाली जाऊन विचारून आले. दोन्हीकडे लोणी नको, तूप चालेल, मेतकूट चालेल, कोथिंबीर नको. कार्यक्रम साडेचारला घेतलाय. त्यांच्यासाठीची कणसं वेगळ्या जाळीवर आधी भाजणार. तूप-मेतकूट-लिंबू-मीठ. मळेवाला दादा, मग कणसं शनिवारी संध्याकाळी घेऊ की रविवारी सकाळी?

मळेवाला
रविवारी सकाळी, सहाच्या आत. पाल्यासकट घ्या, ओल्या गोणपाटात गुंडाळून सावलीत ठेवा, आणि पाला साडेचारलाच सोला.